सहायक ते दिग्दर्शक: 'फर्स्ट एडी' येण्याआधी आणि नंतर

कोल्हापूरच्या मूकपट कंपनीत पडेल ते काम करत शिकलेल्या तरुणाने १९२७ मध्ये 'नेताजी पालकर' दिग्दर्शित केला. सहायकातून दिग्दर्शक होण्याची ही वाट तेव्हापासूनची. पुढे कलकत्त्याहून मुंबईत आलेल्या एका दिग्दर्शकाच्या चमूतला संकलक-सहायक 'मुसाफिर'चा (१९५७) दिग्दर्शक झाला. त्याच चमूतला गीतकार-सहायक 'मेरे अपने'पर्यंत (१९७१) पोहोचला. स्टुडिओंचे मासिक पगार बंद झाल्यावर सहायकाचा वाली एकच उरला, ज्याच्या हाताखाली तो उभा आहे तो दिग्दर्शक.

नट एकाच वेळी अनेक चित्रपट करत, शिफ्टमध्ये येत. त्या काळात चीफ असिस्टंटचं, म्हणजे प्रमुख सहायक दिग्दर्शकाचं, खरं कसब तारखा जुळवण्यात होतं. संवाद नंतर डब व्हायचे, त्यामुळे सेटवर गलका चालायचा. चीफ नटाला संवाद वाचून दाखवी, कंटिन्युइटी (एका शॉटमधले कपडे, वस्तू, हालचाली पुढच्या शॉटशी जुळणं) सांभाळी, वेळ पडली तर एखादा शॉटही घेई. शिकवणी अशी नव्हती. जे दिसेल ते उचलायचं.

या व्यवस्थेला धक्का दिला तो 'लगान'ने. जानेवारी ते जून २००० असं कच्छमध्ये सलग एकच शेड्यूल, सेटवरच ध्वनिमुद्रण आणि न्यूयॉर्कमध्ये काम करून आलेला फर्स्ट असिस्टंट डायरेक्टर, म्हणजेच फर्स्ट एडी. शेड्यूल त्याचं, कॉलशीट (कोणी कधी, कुठे हजर व्हायचं याचा रोजचा तक्ता) त्याची, सेटवर शांतता राखायचा हुकूमही त्याचाच. दिग्दर्शकाने फक्त शॉटकडे पाहायचं. जुन्या सहायकांना हे पटणं अवघडच होतं. त्यांचा आक्षेप आजही ऐकू येतो: फर्स्ट एडीची नजर घड्याळावर असते, मग तो सीन बघतो कधी? आक्षेप पोकळ नाही. हॉलिवूडमध्ये हे स्वतंत्र करिअर मानलं जातं, तिथले फर्स्ट एडी सहसा दिग्दर्शनाकडे वळत नाहीत. आपण मात्र त्यांची पद्धत घेतली आणि चीफच्या डोळ्यातलं दिग्दर्शक होण्याचं स्वप्नही तसंच ठेवलं.

तरी घडलं वेगळंच. त्या फर्स्ट एडीचा पहिला चित्रपट २००३ मध्ये आला. त्याच सेटवर सहायक असलेल्या दोघीही दिग्दर्शक झाल्या. एकीचा 'हनीमून ट्रॅव्हल्स प्रायव्हेट लिमिटेड' २००७ मध्ये आला, दुसरीचा 'धोबी घाट' भारतात जानेवारी २०११ मध्ये लागला आणि 'लापता लेडीज' थेट २०२४ मध्ये. म्हणजे पद्धतीने वाट अडवली नाही, पण लवकर मोकळीही करून दिली नाही. (गंमत म्हणजे 'लगान'चा मराठी दिग्दर्शक स्वतः अभिनयातून आलेला.)

चित्रपटाला उद्योगाचा दर्जा देण्याची घोषणा १९९८ मध्ये झाली होती. त्यानंतर कॉर्पोरेट पैसा आला आणि त्या पैशाला आधी ठरलेलं वेळापत्रक हवं होतं. फर्स्ट एडी टिकला तो बराचसा त्यामुळे. कलेच्या कौतुकाचा त्यात वाटा थोडा. डिजिटल कॅमेऱ्याने कच्च्या फिल्मचा खर्च संपवला, तसा सहायकांना स्वतःची शॉर्टफिल्म करणं परवडू लागलं. आता निर्माते आधी तीच मागतात. वेब मालिकांत भाग वाटून दिले जातात, तेव्हा अनुभवी सहायकाला दोन-तीन भाग मिळण्याची शक्यता वाढते.

मराठीत चित्र अजून सरमिसळ आहे. महिन्याभरात शूटिंग उरकायचं असतं आणि चमू छोटा, त्यामुळे कॉलशीट काढणारा आणि नटाला संवाद वाचून दाखवणारा बऱ्याचदा एकच असतो. त्याचा उल्लेख श्रेयनामावलीत प्रमुख सहायक दिग्दर्शक म्हणून येतो.