२१ डिसेंबर २०१२ : माया दिनगणनेचा खरा हिशोब

मध्य अमेरिकेतल्या प्राचीन माया लोकांच्या दीर्घगणनेत महिने-वर्षांची भानगड नाही. शून्य दिवसापासून किती दिवस झाले, एवढंच मोजायचं. वीस किन (दिवस) म्हणजे एक विनाल, अठरा विनाल म्हणजे एक तुन (३६० दिवस), वीस तुनांचा काटुन (७,२००) आणि वीस काटुनांचा बाकतुन (१,४४,०००). सगळीकडे वीसची पट, फक्त तुनाशी अठरा. नवख्यांचं गणित चुकतं ते इथेच.

आपली तारीख दीर्घगणनेत करून बघा. खगोलशास्त्रातला ज्युलियन दिनक्रमांक (दिवसांना सलग दिलेला क्रमांक) घ्या आणि त्यातून मायांच्या शून्य दिवसाचा क्रमांक, ५,८४,२८३, वजा करा. १ जानेवारी २००० चा क्रमांक २४,५१,५४५, म्हणून उरतात १८,६७,२६२. याला १,४४,००० ने भागलं की १२, बाकी १,३९,२६२. बाकीला ७,२०० ने भागा : १९, बाकी २,४६२. मग ३६० ने : ६, बाकी ३०२. शेवटी २० ने : १५, बाकी २. तारीख झाली १२.१९.६.१५.२. काही अभ्यासक ५,८४,२८५ वजा करतात, त्यामुळे दोन दिवसांचा फरक पडतो. पण ग्वाटेमालात आजही चालणाऱ्या गणनेशी पहिलाच आकडा जुळतो.

याच हिशोबाने २१ डिसेंबर २०१२ ला १३.०.०.०.० आलं. २००९ च्या ‘२०१२’ या हॉलिवूडपटाने आणि कितीतरी पुस्तकांनी त्याची जगबुडी केली. मेक्सिकोतल्या तोर्तुगेरोच्या सातव्या शतकातल्या शिलालेखात ही तारीख खरोखर आहे, पण शेवटचा मजकूर झिजलेला आहे आणि वाचता येतो त्यात जगबुडी नाही. मेक्सिकोतल्याच पालेंके या माया शहरातला लेख तर थेट इ. स. ४७७२ पर्यंत जातो. जग संपणार असतं तर तो कोरला कशाला असता? बातम्यांसोबत ‘माया कॅलेंडर’ म्हणून छापला जाणारा गोल दगडही माया नाही. ती अॅझ्टेकांची सूर्यशिला आहे, १७९० मध्ये मेक्सिको शहरात सापडलेली.

या गोंगाटात जिवंत परंपरा झाकली गेली, याचं फार वाईट वाटतं. ग्वाटेमालाच्या डोंगराळ भागात, मोमोस्तेनांगोसारख्या गावांत, कीचे या माया समाजाचे दिनपाल (परंपरेने दिवस मोजणारे) २६० दिवसांचं चक्र आजही मोजतात. एक ते तेरा आकडे आणि वीस नावं एकाच वेळी एकेक पाऊल पुढे सरकतात. तेरानंतर पुन्हा एक. २१ डिसेंबर २०१२ या मोजणीत ४ अजपु होता, दुसऱ्या दिवशी ५ इमोश आला आणि ७ सप्टेंबर २०१३ ला पुन्हा ४ अजपु.