ग्रहकक्षा

ग्रहकक्षा : सूर्याच्या गुरुत्वाकर्षणामुळे ग्रह त्याच्याभोवती ज्या वाटेने फिरतो ती वाट. एक सूर्य आणि एकच ग्रह एवढेच विचारात घेतले, तर ही वाट लंबवर्तुळाकार असते, सूर्य त्याच्या एका नाभीवर (लंबवर्तुळातील दोन ठराविक बिंदूंपैकी एकावर) असतो आणि दर फेरी आधीच्या फेरीवरून तंतोतंत जाते. प्रत्यक्षात इतर ग्रहही ओढत असतात, म्हणून अगदी अशी कक्षा कोणाचीच नाही. या आदर्श कक्षेपासून ग्रह किती ढळतो हे मोजण्यातच या शास्त्राचा निम्मा इतिहास सामावला आहे.

शाळेच्या पुस्तकात कक्षा अंड्यासारखी लांबट काढलेली असते. ती आकृती समजावण्यासाठी ठीक, पण तिच्यामुळे प्रमाणाची कल्पना चुकते. मंगळाची कक्षा कागदावर १० सेंमी लांब काढली, तर तिची रुंदी त्यापेक्षा अर्ध्या मिलिमीटरनेही कमी भरत नाही. म्हणजे फरक पेन्सिलीच्या रेघेतच मुरतो. सूर्य मात्र मध्यापासून जवळजवळ ५ मिमी बाजूला येतो, आणि ते डोळ्यांना सहज दिसते. सूर्याचे मध्यापासूनचे हे अंतर कक्षेच्या निम्म्या लांबीच्या किती पट, ती विकेंद्रता; मंगळाची ०.०९३ आहे. सूर्याचे बाजूला असणे विकेंद्रतेच्या प्रमाणात वाढते, तर चपटेपणा तिच्या वर्गाच्या निम्म्याने. लहान संख्येचा वर्ग फारच लहान असतो. म्हणून ग्रीकांना आणि आपल्या सिद्धान्तकारांना मध्यापासून सरकवलेल्या वर्तुळावर, म्हणजे प्रतिवृत्तावर, शतकानुशतके उत्तम गणित करता आले. मंदोच्च (कक्षेतील सर्वांत दूरचा, मंद गतीचा बिंदू) आणि मंदफल (सरासरी व खऱ्या जागेतील फरक) या त्यांच्या संज्ञा ज्या परिणामाला धरून आहेत तो खराच आहे. सूर्याचे मंदफल जास्तीत जास्त सुमारे २ अंश येते, आणि ते कक्षेच्या विकेंद्रतेतूनच निघते.

वर्तुळ सोडायला भाग पाडले ते मंगळाने. डॅनिश ज्योतिर्विद टायको ब्राहेच्या वेधांशी (निरीक्षणांशी) योहानेस केप्लरचे वर्तुळावर आधारलेले गणित ताडून पाहता ८ कलांचा (१ कला म्हणजे अंशाचा ६० वा भाग) फरक राहिला. पूर्ण चंद्राची रुंदी सुमारे ३० कला असते, म्हणजे चूक त्याच्या जेमतेम चौथ्या हिश्श्याएवढी. टायकोचे वेध इतके चुकणार नाहीत हे केप्लर जाणून होता, म्हणून त्याने वेध नव्हे तर स्वतःचे गणित टाकून दिले. मला हा निर्णय विज्ञानाच्या इतिहासातील सर्वांत प्रामाणिक निर्णयांपैकी एक वाटतो. १६०९ मध्ये त्याने पहिले दोन नियम प्रसिद्ध केले : कक्षा लंबवर्तुळ असते, आणि सूर्य व ग्रह यांना जोडणारी रेषा समान काळात समान क्षेत्रफळ आक्रमते. तिसरा नियम १६१९ चा. प्रदक्षिणेच्या काळाचा वर्ग हा सरासरी अंतराच्या घनाच्या प्रमाणात असतो. मंगळाचे अंतर पृथ्वीच्या १.५२४ पट आणि त्याचे वर्ष आपल्या १.८८१ पट; पहिल्याचा घन आणि दुसऱ्याचा वर्ग, दोन्ही ३.५४ येतात.

दुसरा नियम मराठी घरात कॅलेंडरच्या रूपाने भिंतीवर टांगलेला असतो. पृथ्वी जानेवारीच्या सुरुवातीला सूर्यापासून १४.७१ कोटी किमीवर, म्हणजे सर्वांत जवळ, असते आणि सेकंदाला ३०.३ किमी वेगाने धावते. जुलैच्या सुरुवातीला अंतर १५.२१ कोटी किमी होते व वेग २९.३ किमीवर उतरतो. त्यामुळे सूर्याला मिथुन रास ओलांडायला ३१ दिवसांहून अधिक लागतात, धनु रास ओलांडायला २९.५ दिवसही लागत नाहीत. चांद्रमास सरासरी २९.५३ दिवसांचा. उन्हाळा-पावसाळ्यात तो दोन संक्रांतींच्या, म्हणजे सूर्याच्या राशी बदलण्याच्या क्षणांच्या, मधे सहज मावतो, संक्रांतीवाचून जातो आणि अधिक ठरतो. २०२३ चा अधिक श्रावण असाच आला. एका चांद्रमासात दोन संक्रांती येऊन क्षयमास व्हायला सूर्य वेगात असावा लागतो, म्हणून तो थंडीच्या दिवसांतच पडतो. अधिकमासात जावयाला अनारशांचे वाण देणाऱ्या घराने विकेंद्रतेचे नावही ऐकलेले नसेल, पण तो महिना बहुधा उन्हाळा-पावसाळ्यातच का येतो याचे उत्तर तिच्यात आहे.

हे सारे असे का घडते, हे आयझॅक न्यूटनने १६८७ मध्ये दाखवले. ग्रहाला पुढे ढकलणारे बळ लागत नाही. तो सरळ जातच असतो, आणि सूर्य त्याला फक्त आपल्याकडे वळवतो. पृथ्वी एका सेकंदात सुमारे ३० किमी पुढे जाते आणि तेवढ्यात सरळ रेषेपासून सूर्याच्या दिशेने फक्त ३ मिमी पडते. हे क्षणोक्षणीचे पडणे जुळत गेले की वर्षभराची कक्षा बनते. ओढ नेमकी सूर्याकडेच असते, आडवी नसते, त्यामुळे ग्रहाचा कोनीय संवेग बदलत नाही. समान क्षेत्रफळाचा नियम म्हणजे हेच. त्यासाठी ओढ अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असण्याचीही गरज नाही, ती मध्याकडे असली की पुरते.

वर्गाचा नियम लागतो तो कक्षेचा आकार ठरताना. येथे दुसरी न बदलणारी राशी येते, ऊर्जा. ग्रहाच्या वेगाचा वर्ग काढायचा तर २ ला अंतराने भागावे, त्यातून १ भागिले अर्धा दीर्घ अक्ष (कक्षेची निम्मी लांबी) वजा करावे, आणि उरलेल्याला सूर्याचे वस्तुमान व गुरुत्वस्थिरांक यांच्या गुणाकाराने गुणावे. एकाच अक्षाच्या गोल आणि लांबट कक्षांची दर किलोग्रॅम ऊर्जा सारखी, प्रदक्षिणाकाळही सारखा. कक्षा किती लांबट हे कोनीय संवेग ठरवतो. पृथ्वीच्या अंतरावर वेग सेकंदाला ४२ किमी झाला, तर कक्षा मिटतच नाही, म्हणजे वाट सुरुवातीच्या जागी परत येऊन जुळत नाही, आणि वस्तू सूर्याला कायमची सोडून जाते.

कक्षा मिटते, याचे मात्र खरोखर नवल वाटायला हवे. ग्रहाचे सूर्याच्या जवळ येऊन पुन्हा दूर जाणे हे एक चक्र, आणि सूर्याभोवती ३६० अंश फिरणे हे दुसरे. दोन्हींचा काळ एकच असण्याचे वरकरणी काही कारण नाही. जोझेफ बर्ट्रांडने १८७३ मध्ये सिद्ध केले की मध्याकडे ओढणाऱ्या बळांपैकी फक्त दोन प्रकारांत प्रत्येक बद्ध कक्षा मिटते : व्यस्त वर्गाच्या, आणि स्प्रिंगप्रमाणे अंतराबरोबर वाढणाऱ्या. इतर बळांत कक्षा सहसा फुलाच्या पाकळ्यांसारखी सरकत जाते. म्हणून सरकणारी कक्षा दिसली की समजावे, आणखी काहीतरी ओढते आहे.

कक्षा माहीत असली तरी अमुक दिवशी ग्रह तिच्यावर कोठे असेल हे थेट सूत्राने सांगता येत नाही. केप्लरच्या समीकरणात शोधायचा कोन स्वतः आणि त्याची ‘ज्या’ (साइन), दोन्ही एकदम येतात. अंदाज घ्यायचा, तो समीकरणात घालून सुधारायचा, पुन्हा सुधारायचा. आपले जुने गणिती अशा रीतीला असकृत्कर्म म्हणत. आजचे संगणकही असाच फेर धरतात.

युरेनस गणितातल्या जागेवर सापडेना, तेव्हा फ्रेंच गणिती उर्बँ ल व्हेर्येने अज्ञात ग्रहाची जागा काढली, आणि २३ सप्टेंबर १८४६ च्या रात्री बर्लिनमध्ये योहान गाले यांना नेपच्यून तिच्यापासून १ अंशाच्या आत दिसला. मराठी ज्योतिर्गणिती व्यंकटेश बापूजी केतकर यांनी १९११ मध्ये निराळी वाट धरली. गुरूच्या चंद्रांमध्ये फ्रेंच गणिती लाप्लासला आढळलेले गतींचे नाते बाहेरच्या ग्रहांना लावून त्यांनी नेपच्यूनपलीकडे सुमारे ३९ खगोलीय एककांवर (१ एकक म्हणजे पृथ्वीचे सूर्यापासूनचे सरासरी अंतर), २४२ वर्षांत फेरी मारणारा ग्रह सांगितला व त्याला ब्रह्मा म्हटले. १९३० मध्ये सापडलेल्या प्लूटोचे आकडे ३९.५ आणि २४८ आहेत. जुळणी लक्ष वेधते, पण प्लूटोचे नेपच्यूनशी नाते वेगळे, म्हणजे नेपच्यूनच्या ३ फेऱ्यांत त्याच्या २, असे आहे. त्यामुळे ही जुळणी योगायोगाचीच म्हणावी लागते. केतकरांच्या कल्पकतेला त्याने उणेपणा येत नाही.

बुधाने मात्र नवा ग्रह दिला नाही. त्याचा उपसूर्यबिंदू, म्हणजे कक्षेतील सूर्याला सर्वांत जवळचा बिंदू, शतकात सुमारे ५७४ विकला (१ विकला म्हणजे कलेचा ६० वा भाग) सरकतो. इतर ग्रहांच्या ओढीचा हिशेब घातला तरी ४३ विकला उरतात. ल व्हेर्येने १८५९ मध्ये अशी तूट दाखवून सूर्याजवळ आणखी एक ग्रह असावा असे मानले. तो कधी सापडला नाही. नोव्हेंबर १९१५ मध्ये अल्बर्ट आइन्स्टाइनच्या व्यापक सापेक्षता सिद्धान्तातून नेमक्या ४३ विकला निघाल्या, आणि व्यस्त वर्गाचा नियमच अंतिम नव्हे हे कळले.

इतर ग्रहांची ही बारीकशी ओढ कोट्यवधी वर्षे साठत गेली तर काय होते, हा प्रश्न अजून खुला आहे. झाक लास्कार आणि मिकाएल गास्तिनो यांनी २००९ मध्ये पुढच्या ५०० कोटी वर्षांसाठी सूर्यमाला २,५०१ वेळा चालवून पाहिली. दर वेळी फक्त बुधाची सुरुवातीची जागा किंचित, १ मीटरहूनही कमी, बदललेली होती. सुमारे १ टक्का गणितांत बुधाची कक्षा इतकी लांबट झाली की तो शुक्रावर किंवा सूर्यावर आदळू शकेल.