मॅन अँड सुपरमॅन (नॅशनल थिएटर, २०१५)

जॉर्ज बर्नार्ड शॉ (१८५६–१९५०) यांच्या चार अंकी तत्त्वचर्चात्मक सुखात्मिकेचे लंडनच्या नॅशनल थिएटरने केलेले पुनरुज्जीवन व त्याचे चित्रीकरण. दिग्दर्शन सायमन गॉडविन, नेपथ्य क्रिस्टोफर ओरॅम. प्रयोग लिटल्टन रंगमंचावर झाले.

क्रांतीच्या गप्पा मारणारा सधन जॅक टॅनर आणि वडिलांच्या मृत्युपत्राने त्याच्या पालकत्वाखाली आलेली अ‍ॅन व्हाइटफील्ड यांच्यातील ही पाठलागकथा. पळतो तो, पाठलाग करते ती.

नाटकाचे लेखन साधारणतः १९०१ ते १९०३ या काळातले मानतात. १९०३ मध्ये ते छापले गेले. पहिल्या प्रयोगाची तारीख कोठे २१ मे, तर कोठे २३ मे १९०५ आढळते. पहिली स्टेज सोसायटी या खासगी नाट्यसंस्थेच्या सभासदांसाठीच्या प्रयोगाची, दुसरी कोर्ट थिएटर चालवणाऱ्या व्हेड्रेन-बार्कर व्यवस्थापनाच्या सार्वजनिक प्रयोगाची. रंगमंदिर दोन्ही वेळा कोर्ट थिएटरच. पहिली ग्राह्य धरणे अधिक योग्य. या प्रयोगांत तिसरा अंक गाळला होता. त्यातील नरकातला स्वप्नप्रवेश (टॅनरच्या स्वप्नात दंतकथेतला स्त्रीलंपट डॉन वान, डोन्या आना, तिच्या वडिलांचा पुतळा व सैतान यांचा वाद) १९०७ मध्ये त्याच रंगमंदिरात स्वतंत्रपणे झाला, आणि संपूर्ण नाटक १९१५ मध्ये एडिंबरो येथे रंगले. पुढेही हा प्रवेश स्वतंत्र नाटिकेसारखा होत राहिला.

नाटकातील ‘जीवनशक्ती’ (जीवसृष्टीला अधिक उन्नत रूपाकडे ढकलणारी प्रेरणा) या कल्पनेच्या उगमाविषयी मतभेद आहेत. फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बर्गसाँ यांच्या प्राणप्रेरणेशी (élan vital) तिचे साम्य उघड असले, तरी त्यांचा *सर्जनशील उत्क्रांती* हा ग्रंथ १९०७ चा. तेव्हा तो या नाटकाचा आधार असू शकत नाही. शीर्षकातील ‘सुपरमॅन’मुळे काही अभ्यासक ‘अतिमानवा’ची कल्पना मांडणाऱ्या जर्मन तत्त्वज्ञ नीत्शेकडे वळतात. स्त्रीपुरुषांचे आकर्षण हा पुढच्या पिढीसाठी निसर्गाने रचलेला डाव, हा विचार मात्र जर्मन तत्त्वज्ञ शोपेनहाउअर यांच्या जवळचा आहे. हेतुपूर्ण उत्क्रांतीची बाजू इंग्रज लेखक सॅम्युएल बटलर यांच्या डार्विनविरोधी लेखनाशी जुळते. बटलर यांचे ऋण शॉ यांनी अन्यत्र मान्य केल्याने हे मत अधिक ग्राह्य वाटते.

गॉडविन यांनी नाटक आधुनिक वेशात आणले आणि संहितेला कात्री लावूनही नरकप्रवेश राखला. प्रयोग सुमारे साडेतीन तासांचा होता. शॉ यांच्या योजनेप्रमाणे नट दुहेरी भूमिकांत होते : राल्फ फाइन्स (टॅनर व डॉन वान), इंदिरा वर्मा (अ‍ॅन व डोन्या आना), टिम मॅकमुलन (दरोडेखोर मेंडोझा व सैतान), निकोलस ल प्रेव्हो (अ‍ॅनचा दुसरा पालक रॅम्झडेन व पुतळा). नरकप्रवेशाचा तिसरा अंक वगळला की टॅनर नुसता बोलघेवडा उरतो, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. मॅकमुलन यांचा आतिथ्यशील सैतान वादात कुठेच दुबळा पडत नाही, त्यामुळे डॉन वानचा विजय सोपा वाटत नाही.

‘नॅशनल थिएटर लाइव्ह’ हा उपक्रम २००९ मध्ये हेलन मिरेन यांची प्रमुख भूमिका असलेल्या *फेद्र* या नाटकाने सुरू झाला. प्रेक्षकांसमोर चालू असलेला प्रयोग अनेक कॅमेऱ्यांनी टिपून उपग्रहाद्वारे चित्रपटगृहांत दाखवला जातो. प्रस्तुत नाटकाचे प्रक्षेपण १४ मे २०१५ रोजी झाले. दीर्घ युक्तिवादात ऐकणाऱ्याचा चेहराही जवळून दिसणे, हा चित्रीकरणाचा लाभ. कोणाकडे पाहायचे हे मात्र प्रेक्षकाच्या हाती राहत नाही.

या उपक्रमातील चित्रमुद्रित प्रयोग मुंबईच्या एनसीपीए या कलाकेंद्रातही दाखवले जातात. मराठी रंगभूमीला शॉ अधिक परिचित आहेत ते *पिग्मॅलियन*वरून पु. ल. देशपांडे यांनी रचलेल्या *ती फुलराणी*मुळे.