डिस्क घातली तरी इन्स्टॉल का? कन्सोलवरच्या साठवणुकीची पार्श्वभूमी

आज कन्सोलमध्ये, म्हणजे टीव्हीला जोडायच्या गेमयंत्रात, नवी डिस्क घातली की आधी पडद्यावर पट्टी सरकू लागते. गेम यंत्राच्या आतल्या साठवणुकीत कॉपी होतो, मग अपडेट उतरते आणि त्यानंतर खेळ सुरू होतो. यातून दोन प्रश्न हटकून विचारले जातात. डिस्क हातात असताना साठवणुकीतली पन्नास-शंभर जीबी जागा का जाते? आणि एवढी जागा गेल्यावरही खेळताना डिस्क आतच का ठेवावी लागते? पहिल्याचे उत्तर यंत्राच्या वेगात आहे, दुसऱ्याचे मालकीच्या हक्कात. ही दोन उत्तरे एकमेकांत गुंतली ती २०१३ साली, आणि तो गुंता अजून पुरता सुटलेला नाही.

जुन्या काळाचे थोडक्यात. कॅसेटमध्ये चिप असे आणि कन्सोल तिच्यातून थेट वाचत असे; इन्स्टॉल करण्यासारखे काही नव्हतेच. आपल्याकडे ‘९९९९ इन वन’ लिहिलेल्या पिवळ्या-काळ्या कॅसेटींवर एक पिढी वाढली. त्यातले खरे वेगवेगळे गेम किती असत, हे ज्याचे त्याला ठाऊक. जपानमध्ये १९८६ साली निन्टेंडोच्या फॅमिकॉम या कन्सोलसाठी पुन्हा लिहिता येणारी डिस्क आली. दुकानातल्या यंत्रात ती घालून ५०० येन दिले की जुना गेम पुसून नवा भरून मिळे. १९९४ च्या अखेरीस अमेरिकेत केबल टीव्हीच्या तारेवरून गेम पाठवणारी सेवा निघाली, पण कन्सोल बंद केला की उतरवलेला गेमही नाहीसा व्हायचा. हे सगळे प्रयोग आजच्या डाउनलोडचे पूर्वज म्हणून सांगितले जातात. त्यात तथ्य आहे, पण आजच्या नियमांचा उगम तिथे नाही.

सीडी आल्यावरही कन्सोलवर साठवायची वस्तू म्हणजे खेळणाऱ्याची प्रगती, गेम नव्हे. सोनीच्या पहिल्या प्लेस्टेशनचे मेमरी कार्ड १२८ केबीचे होते आणि त्यात १५ खाने. प्लेस्टेशन २ चे कार्ड ८ एमबीचे. या दुसऱ्या कन्सोलला ४० जीबीची हार्ड डिस्क वेगळी जोडता येई, पण ती घेतली फार थोड्यांनी. पुढे काय येणार याचा पहिला इशारा मायक्रोसॉफ्टच्या नोव्हेंबर २००१ च्या एक्सबॉक्सने दिला. त्यात ८ जीबीची हार्ड डिस्क कारखान्यातूनच बसवलेली होती. सेव्ह, म्हणजे खेळाची नोंदवलेली प्रगती, तिच्यावर जात, शिवाय डीव्हीडीवरचा लागणारा भाग गेम गुपचूप तिच्यावर उतरवून घेत. त्यासाठी खेळणाऱ्याला काही विचारले जात नसे. माझ्या मते इन्स्टॉलची सर्वांत सभ्य पद्धत तीच होती.

ती टिकली नाही, कारण हार्ड डिस्क महाग पडते आणि चिपसारखी दरवर्षी स्वस्त होत जात नाही. त्यामुळे नोव्हेंबर २००५ मध्ये एक्सबॉक्स ३६० आला तो दोन रूपांत: २९९ डॉलरचा बिनहार्ड डिस्कचा आणि ३९९ डॉलरचा २० जीबीवाला. या एका काटकसरीने पुढची आठ वर्षे ठरवली. काही ग्राहकांकडे हार्ड डिस्क नाही म्हटल्यावर गेम बनवणाऱ्यांना ती गृहीत धरता येईना. गेम डीव्हीडीवरून थेट चालला पाहिजे, हा जवळपास दंडकच झाला. एका डीव्हीडीवर गेमला मिळणारी जागा सात जीबीच्या आसपास, म्हणून मोठे गेम दोन, तीन, चार डिस्कवर येऊ लागले.

समोरच्या, सोनीच्या गोटात उलटे घडले. २००६ च्या प्लेस्टेशन ३ मध्ये प्रत्येक यंत्रात हार्ड डिस्क होती, तीही लॅपटॉपची साधी अडीच इंची. स्क्रू काढून कोणीही बदलावी. डिस्क ब्लू-रे, म्हणजे एका थराला २५ जीबी. जागेची चैन होती, वेगाची नव्हती. ती डिस्क वाचणारा ड्राइव्ह सेकंदाला ९ एमबीच्या आसपास वाचत असे, आणि डिस्कवर इकडून तिकडे उडी मारायला लागणारा वेळ निराळाच. मग निर्मात्यांनी सक्तीच्या इन्स्टॉलचा मार्ग धरला. २००८ च्या सुरुवातीला आलेल्या ‘डेव्हिल मे क्राय ४’ ने पाच जीबी जागा मागितली आणि वीसेक मिनिटे नुसते बसवून ठेवले. त्याच वर्षीच्या ‘मेटल गिअर सॉलिड ४’ ने तर प्रत्येक अंकाआधी मागच्या अंकाचा डेटा पुसून पुढचा भरायचा आणि तोवर नायकाला सिगारेट ओढत दाखवायचे, असा बेत केला होता. महाराष्ट्रात ते भारनियमनाचे दिवस होते. मध्येच वीज गेली की पट्टी पुन्हा शून्यापासून.

नोव्हेंबर २००८ मध्ये एक्सबॉक्स ३६० च्या मोठ्या अपडेटमध्ये अख्खी डिस्क हार्ड डिस्कवर उतरवण्याची सोय आली. ही मात्र ऐच्छिक होती. ड्राइव्हची घरघर थांबे, बरेच गेम लवकर उघडत. पण डिस्क आत ठेवावीच लागे. ती वाचायला नव्हे, तुमच्याकडे आहे हे सिद्ध करायला. दुसऱ्या प्रश्नाचा जन्म इथला. २० जीबीच्या हार्ड डिस्कवर प्रत्यक्षात १४ जीबीहून कमी जागा मिळे, म्हणजे दोन गेम उतरवले की संपले. शिवाय इन्स्टॉल केले की वेग वाढतोच असेही नाही. ‘हेलो ३’ आपला वेगळा तात्पुरता साठा हार्ड डिस्कवर करत असे, म्हणून तो इन्स्टॉल करू नका, असे निर्मात्यांनीच सांगितले. सप्टेंबर २०१३ मध्ये ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ५’ एक्सबॉक्स ३६० वर दोन डिस्कवर आला. पहिली सक्तीने इन्स्टॉल करायची, दुसरी अजिबात करायची नाही. हार्ड डिस्क आणि डीव्हीडी दोन्हींवरून एकाच वेळी डेटा ओढला तरच तो गेम धड चालत होता. दोन्ही डिस्क उतरवल्या की रस्त्यांचे आणि भिंतींचे तपशील उशिरा उमटत.

आता २०१३. एक्सबॉक्स वन आणि प्लेस्टेशन ४ हे त्या पिढीचे दोन्ही कन्सोल ब्लू-रे आणि ५०० जीबी हार्ड डिस्क घेऊन आले, आणि दोन्हींनी तांत्रिक प्रश्न एकाच पद्धतीने सोडवला: प्रत्येक गेम हार्ड डिस्कवर उतरणार, सक्तीने, कारण डिस्कवरून थेट चालवणे आता शक्यच नाही. यावर फारसा आक्षेप नव्हता. वाद झाला तो एक्सबॉक्स वनने त्याला जोडलेल्या हक्काच्या नियमांवर.

२१ मे रोजी एक्सबॉक्स वन जाहीर झाला तेव्हा नियम धड स्पष्ट नव्हते, वेगवेगळे अधिकारी वेगवेगळे बोलत होते. जूनच्या पहिल्या आठवड्यात ते लेखी आले. गेम एकदा उतरवला की डिस्कची गरज संपणार आणि हक्क खात्याला चिकटणार. बदल्यात कन्सोलने २४ तासांतून एकदा इंटरनेटवर हजेरी लावायची. दुसऱ्याच्या घरी आपल्या खात्यावर खेळत असाल तर दर तासाला. हजेरी चुकली तर गेम बंद. डिस्क मित्राला द्यायची असेल तर तो निदान ३० दिवस तुमच्या मित्रयादीत असायला हवा आणि प्रत्येक गेम एकदाच देता येणार. जुने गेम परत विकायचे तर ठराविक दुकानांतच, तेही प्रकाशकाची परवानगी असेल तर.

यात एक गोष्ट खरोखर चांगली होती, आणि वादाच्या धुरळ्यात ती झाकली गेली. घरातल्या दहा जणांपर्यंत आपला सगळा संग्रह वाटता येणार होता. डिस्क न हलवता भावाने त्याच्या खोलीत खेळावे, किंवा परगावी शिकायला गेलेल्या बहिणीने तिथल्या कन्सोलवर खेळावे, अशी कल्पना होती.

पण लोकांनी आधी पाहिले ते काय हिरावले जाते याकडे. इंटरनेट नसलेल्यांचे काय, या प्रश्नावर एका वरिष्ठ अधिकाऱ्याने त्यांच्यासाठी आमचा जुना एक्सबॉक्स ३६० आहेच, अशा अर्थाचे उत्तर दिले. पाणबुडीवरच्या नौसैनिकांचा विषय निघाला होता तेव्हाचे हे बोल. १० जूनला सोनीने आपला प्लेस्टेशन ४ हा १०० डॉलरने स्वस्त, ३९९ ला जाहीर केला आणि ‘गेम मित्राला कसा द्यावा’ असा काही सेकंदांचा व्हिडिओ टाकला: एक माणूस दुसऱ्याच्या हातात डबा देतो, तो आभार मानतो, व्हिडिओ संपतो. १९ जूनला एक्सबॉक्सचे नियम मागे घेतले गेले. हजेरी गेली, देण्या-विकण्यावरची बंधने गेली. त्यासोबत घरच्यांशी वाटून घ्यायची सोयही गेली आणि डिस्क आत ठेवण्याची अट परत आली.

हा लोकांचा विजय म्हणून सांगितला जातो. तो होता, पण अर्धा. मागे गेला तो हक्काचा भाग. साठवणुकीचा भाग जसाच्या तसा राहिला. डिस्कवरून नुसते खेळण्याचे दिवस त्या जूनमध्ये परत आले नाहीत, कोणी ते मागितलेही नव्हते. परिणाम असा की दोन्ही पद्धतींतले गैरसोयीचे तेवढे ग्राहकाच्या वाट्याला आले: जागा डाउनलोडइतकीच जाते आणि उठून डिस्क बदलण्याचे कामही सुटत नाही.

भारताच्या बाजूने पाहिले तर तो वाद आणखीच परका होता. एक्सबॉक्स वनसाठी आधी जाहीर झालेल्या २१ देशांच्या यादीत भारत नव्हता. इथे एक्सबॉक्स वन आला सप्टेंबर २०१४ मध्ये, प्लेस्टेशन ४ त्याच वर्षीच्या जानेवारीत. त्या सुमारास सरकारी व्याख्येप्रमाणे ५१२ केबीपीएसला ब्रॉडबँड म्हणत. त्या वेगाने ५० जीबी उतरवायला अखंड नऊ दिवस लागतात, आणि महिन्याच्या डेटा मर्यादेत ते बसत नाही ते वेगळेच. त्यामुळे मुंबईच्या लॅमिंग्टन रोडसारख्या बाजारांत डिस्कची अदलाबदल आणि जुन्या डिस्कची विक्री यांना अर्थ होता: तीन-चार हजारांचा गेम संपवायचा, विकायचा, पुढचा घ्यायचा. परत विकण्याचा हक्क इथे तत्त्वाचा मुद्दा नव्हता, पुढच्या गेमचे निम्मे पैसे होते.

यानंतरची दहा वर्षे म्हणजे जागेची रडकथा. ५०० जीबीच्या प्लेस्टेशन ४ वर सुरुवातीला वापरता येणारी जागा चारशेच्या आसपास. त्यातही तो कन्सोल अपडेट बसवताना गेमची नवी प्रत तयार करतो, म्हणजे जवळपास गेमएवढीच जागा रिकामी हवी. अपडेट दोन जीबीचे आणि मागणी साठ जीबीची, हे कोडे अनेकांनी अनुभवले आहे. एक्सबॉक्स वनला २०१४ मध्येच बाहेरून यूएसबी हार्ड डिस्क जोडता आली. प्लेस्टेशन ४ ला त्यासाठी मार्च २०१७ उजाडले. गेम फुगण्याचे एक कारण हार्ड डिस्कच्या फिरत्या तबकडीतच होते. तिच्यावर उडी मारायला वेळ लागतो, म्हणून एकच वस्तू अनेक ठिकाणी लिहून ठेवायची. ‘स्पायडर-मॅन’च्या २०१८ च्या गेममध्ये काही डेटा हार्ड डिस्कवर तब्बल ४०० वेळा होता, असे प्लेस्टेशनच्या शिल्पकारानेच २०२० मध्ये सांगितले. तबकडीऐवजी चिपवर साठवणारी वेगवान एसएसडी आल्यावर ही पुनरावृत्ती अनावश्यक झाली. तरी गेम काही बारीक झाले नाहीत, वाचलेली जागा चित्रांच्या तपशिलाने खाल्ली.

२०२० च्या प्लेस्टेशन ५ ची एसएसडी ८२५ जीबीची, पण गेमसाठी उरतात ६६७. बाहेरच्या यूएसबी डिस्कवर या कन्सोलचे नवे गेम ठेवता येतात, खेळता येत नाहीत. वेग पुरत नाही. जादा एसएसडी बसवायची आतली खाच (एम.२) उघडली ती सप्टेंबर २०२१ च्या अपडेटने, तेव्हा बाजारातली एसएसडी आणून बसवता आली. एक्सबॉक्सने साठवण वाढवायचे आपले खास कार्ड काढले, सोयीचे पण सुरुवातीला २२० डॉलरचे.

दुसरीकडे डाउनलोड केलेला गेम कायमचा आपला नाही, हेही याच काळात कळत गेले. ऑगस्ट २०१४ मध्ये फुकट दिलेला ‘पी.टी.’ हा छोटा भयगेम २०१५ च्या वसंतात प्लेस्टेशनच्या ऑनलाइन दुकानातून काढला गेला, आणि ज्यांनी तो हार्ड डिस्कवरून पुसला त्यांना परत मिळेना. निन्टेंडोच्या ३डीएस आणि वी यू या कन्सोलांची ऑनलाइन दुकाने मार्च २०२३ मध्ये बंद झाली, एक्सबॉक्स ३६० चे जुलै २०२४ मध्ये. प्लेस्टेशन ३ चे दुकान २०२१ मध्ये बंद होणार होते. ओरड झाली आणि महिन्याभरात निर्णय फिरला.

निन्टेंडोच्या जून २०२५ च्या स्विच २ ने, ज्याचे गेम डिस्कऐवजी छोट्या कार्डावर येतात, यात आणखी एक प्रकार घातला. त्याच्या काही गेमकार्डांत गेम नसतोच, फक्त किल्ली असते. कार्ड घालायचे, पूर्ण गेम डाउनलोड करायचा आणि पुढे प्रत्येक वेळी कार्ड आत ठेवायचे. कन्सोलची स्वतःची साठवण २५६ जीबी आणि वाढवायची तर नव्या वेगवान प्रकारचेच मायक्रोएसडी कार्ड लागते. हे किल्लीकार्ड खात्याला बांधलेले नाही, त्यामुळे विकता येते, मित्राला देता येते. २०१३ मध्ये भांडून राखलेला हक्क इथे शाबूत आहे. मात्र जपानच्या राष्ट्रीय ग्रंथसंग्रहाने ही कार्डे जतनासाठी स्वीकारता येणार नाहीत, असे त्याच वर्षी सांगितले. कार्डावर आशयच नाही, मग जतन कशाचे करायचे, असा त्यांचा मुद्दा आहे.