खरा मिस्टर बीन आणि कार्टूनमधला मिस्टर बीन

लहानपणी पोगोवर मिस्टर बीन पाहिलेल्यांच्या आठवणीत बहुतेक वेळा दोन मालिका मिसळलेल्या असतात. नाव तेच, पोपटी मिनी गाडी तीच, टेडीही तोच, मग घोळ होणारच. ओळखायची खूण सोपी आहे. घरमालकीण मिसेस विकेट किंवा तिचं एका डोळ्याचं मांजर स्क्रॅपर दिसलं की ते कार्टून. मूळ मालिकेत ही दोघं नाहीतच. मागे प्रेक्षक हसताना ऐकू आले, तर ती मूळ मालिका.

मूळ मालिका ब्रिटनच्या आयटीव्हीवर १ जानेवारी १९९० ला सुरू झाली आणि १९९५ मध्ये संपली. भाग साधारण २५ मिनिटांचे. कुठे १४ भाग लिहिलेले असतात, कुठे १५. केस कापण्याचा भाग तेव्हा टीव्हीवर न दाखवता थेट व्हिडिओ कॅसेटवर आणला होता, म्हणून हा फरक. कार्टून २००२ मध्ये आलं. त्यातली एकेक गोष्ट सुमारे ११ मिनिटांची, आणि बीनचा आवाज मूळ मालिकेत बीन झालेल्या रोवन ॲटकिन्सनचाच.

खरा फरक मात्र विनोद कशावर उभा आहे, यात आहे. पहिल्याच भागातला समुद्रकिनारा पाहा. शेजारी एक माणूस बसलाय, त्याच्यासमोर पँट कशी काढायची? बीन पोहण्याची चड्डी पँटवरूनच चढवतो आणि मग आतली पँट ओढून, वळवून, खेचून बाहेर काढतो. एवढा खटाटोप झाल्यावर कळतं की त्या माणसाला दिसतच नाही. इथे कापड खरं आहे. ते अडतं, ताणलं जातं, आणि प्रत्येक अडण्यावर हसू येतं. चित्रात कापडाला हवं तसं वळवता येतं. ते अडलं तर चित्रकाराने अडवलं म्हणून, आणि ते पाहणाऱ्याला जाणवतं.

जानेवारी १९९४ च्या भागातही तेच. सेलमधल्या सामानाने मिनी इतकी गच्च भरते की चालवणाऱ्यालाच आत जागा उरत नाही. मग टपावर आरामखुर्ची बांधायची, स्टीअरिंगला दोऱ्या लावायच्या आणि झाडूच्या दांड्याने पेडल दाबायचं. आपण हसतो ते गाडीला वजन आहे म्हणून. ती सुटली तर थांबणार नाही, ही धास्ती त्या हसण्यात असते.

कार्टूनची ताकद वेगळी. तिथे बीनला हुबेहूब त्याच्यासारखे दिसणारे परग्रहवासी भेटू शकतात. मुलांना ते आवडतं आणि त्यात वावगं काही नाही. पण बीन नव्याने दाखवायचा असेल तर सुरुवात त्या चड्डीपासूनच करावी.

बीनची मैत्रीण इर्मा गॉब हिच्यावरूनही गल्लत होते. १९९२ च्या ख्रिसमस भागात तिला अंगठीची अपेक्षा असते. बीन तिला सराफाच्या काचेतलं जोडप्याचं चित्र देतो आणि अंगठीच्या डबीत ते टांगायचा हूक. ती रडत निघून जाते. मूळ मालिकेत ती पुन्हा येत नाही, परतते ती कार्टूनमध्येच.