‘स्टार गेट’ : अतींद्रिय हेरगिरीच्या अमेरिकी प्रयोगाची पार्श्वभूमी

अमेरिकेची गुप्तचर संस्था सीआयए १९७२ साली अतींद्रिय शक्तींच्या संशोधनाकडे वळली, ती त्या शक्तींवर विश्वास बसला म्हणून नव्हे, तर सोव्हिएत संघ या विषयावर पैसा ओतत असल्याच्या बातम्या येत होत्या म्हणून. शत्रू ज्याच्या मागे लागला आहे ते थोतांड असले, तरी शीतयुद्धाच्या हिशेबात ते एकदा तपासून पाहणे भाग होते. हे काम कॅलिफोर्नियातील स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटमधील हॅरल्ड पुटहॉफ आणि रसेल टार्ग या भौतिकशास्त्रज्ञांकडे गेले. बसल्या जागी दूरचे ठिकाण ‘पाहण्या’ला तेथे ‘रिमोट व्ह्यूइंग’ असे प्रयोगशाळेत शोभणारे नाव मिळाले. मराठीत त्याला दूरदर्शन म्हणावे, तर तो शब्द आपण केव्हाच टीव्हीला देऊन बसलो आहोत.

या प्रयोगांतला सर्वांत गाजलेला प्रसंग १९७४चा आहे. ‘रिमोट व्ह्यूइंग’ करून दाखवणाऱ्यांपैकी एक असलेल्या पॅट प्राइस यांना कझाकस्तानातील सेमिपलातिन्स्कजवळच्या एका सोव्हिएत केंद्राचे अक्षांश-रेखांश तेवढे देण्यात आले आणि त्यांनी रुळांवरून सरकणाऱ्या अवाढव्य क्रेनचे चित्र काढले. उपग्रहाच्या छायाचित्रांत तशी क्रेन खरोखरच होती. मात्र त्याच बैठकीत त्यांनी तेथे नसलेल्या बऱ्याच गोष्टीही सांगितल्या होत्या, आणि यांतले खरे कोणते हे छायाचित्र हाती असल्याशिवाय ठरवता येत नव्हते. छायाचित्र हाती असेल, तर मग प्राइस कशाला हवेत, हा प्रश्न पुढे वीस वर्षे तसाच राहिला.

सीआयएने लवकरच अंग काढून घेतले, परंतु लष्कराने १९७०च्या दशकाच्या अखेरीस मेरीलँडमधील फोर्ट मीड येथे स्वतःचा गट उभारला. ग्रिल फ्लेम, सेंटर लेन, सन स्ट्रीक आणि १९९१ पासून स्टार गेट अशी त्याची नावे बदलत गेली.

१९९५ मध्ये या सगळ्याचे मूल्यमापन झाले, तोवर सुमारे २ कोटी डॉलर खर्ची पडले होते. संख्याशास्त्रज्ञ जेसिका अट्स यांना प्रयोगशाळेतील निकाल योगायोगापलीकडचे वाटले, तर मानसशास्त्रज्ञ रे हायमन यांना तेवढ्यावरून अतींद्रिय शक्ती सिद्ध होते हे मान्य नव्हते. हेरगिरीतील उपयोगाबद्दल मात्र अहवाल निःसंदिग्ध होता : मिळणारी माहिती मोघम असे आणि तिच्या आधारे एकही कारवाई आखली गेली नव्हती. त्याच वर्षी प्रकल्प बंद करण्यात आला.