अॅलर्जीची गोळी आणि अॅसिडिटीची गोळी: दोन्ही हिस्टामिनच अडवतात, मग फरक कुठे?

फार्माकॉलॉजीच्या बहुतेक पुस्तकांत सिटिरिझिन अॅलर्जीच्या प्रकरणात येतं आणि फॅमोटिडिन पोटाच्या. मधे इतकी पानं असतात की या दोन्ही गोळ्या एकाच रेणूला, हिस्टामिनला, आडव्या जातात हे ध्यानात यायला परीक्षा जवळ यावी लागते. मग गोंधळ सुरू होतो. ‘अँटिहिस्टामिनने तोंडाला कोरड पडते, लघवी अडते’ हे पाठ असतं, आणि फॅमोटिडिनच्या दुष्परिणामांतही तेच लिहिलं जातं. नाहीतर अॅसिडिटीची गोळी घेणाऱ्याला ‘झोप येईल, गाडी चालवू नका’ असं बजावलं जातं. दोन्ही चुकांचं मूळ एक आहे. औषध हिस्टामिनला अडवतं इथपर्यंत नर्सिंगचा विद्यार्थी पोचतो, पण कुठल्या रिसेप्टरवर, म्हणजे पेशीवरच्या कुठल्या चिकटायच्या जागेवर, अडवतं हे विचारत नाही. हा एक प्रश्न विचारायची सवय लागली, तर पाठांतराचं बरंचसं ओझं आपोआप उतरतं, असं माझं ठाम मत आहे.

हिस्टामिन शरीरात बऱ्याच ठिकाणी तयार होतं. त्यांपैकी तीन ठिकाणं आपल्या कामाची. पहिलं म्हणजे त्वचा, नाक, श्वासनलिका यांच्या आसपास पसरलेल्या मास्ट पेशी. अॅलर्जीच्या वेळी या पेशी साठवलेलं हिस्टामिन एकदम बाहेर सोडतात. दुसरं ठिकाण जठराचं अस्तर. तिथल्या खास पेशी जेवणाच्या सुमारास गॅस्ट्रिन या हार्मोनच्या आणि मेंदूकडून पोटाकडे येणाऱ्या व्हेगस नर्व्हच्या इशाऱ्यावर हिस्टामिन सोडतात. तिसरं मेंदू, जिथे हिस्टामिन आपल्याला जागं ठेवायचं काम करतं. रेणू तिन्हीकडे तोच. परिणाम ठरतो तो समोरच्या पेशीवर कोणता रिसेप्टर आहे यावर.

एच-१ रिसेप्टर बारीक रक्तवाहिन्यांवर, श्वासनलिकेच्या स्नायूंवर, खाज पोचवणाऱ्या नसांवर आणि मेंदूत असतात. तिथे हिस्टामिन चिकटलं की वाहिन्यांतून पाणी झिरपून सूज येते, अंगावर गांधी उठतात, खाज सुटते, शिंका येतात, श्वासनलिका आवळते. एच-२ मुख्यतः जठरातल्या आम्ल तयार करणाऱ्या पेशींवर असतात. ते जागे झाले की पेशीत सायक्लिक एएमपी हा निरोप पोचवणारा रेणू वाढतो आणि आम्ल बाहेर टाकणारा प्रोटॉन पंप जोरात चालू लागतो. हृदयावर आणि रक्तवाहिन्यांवरही एच-२ असतात. ही गोष्ट आत्ता बाजूला ठेवू, शेवटी लागणार आहे. एच-३ आणि एच-४ सुद्धा आहेत, पण वॉर्डातल्या रोजच्या औषधांसाठी त्यांच्यावर वेळ घालवायची गरज नाही.

दोन वेगळे रिसेप्टर आहेत हे कळलं कसं, ते वाचलं की विषय डोक्यात पक्का बसतो. डॅनियल बोव्हे आणि अॅन-मारी स्टॉब यांनी १९३७ मध्ये हिस्टामिनला विरोध करणारं पहिलं रसायन दाखवलं. ते माणसाला देण्याजोगं नव्हतं, पण त्या वाटेने १९४० च्या दशकात अॅलर्जीवरची औषधं आली. त्या औषधांनी खाज थांबायची, शिंका थांबायच्या. हिस्टामिनमुळे वाढणारं जठरातलं आम्ल मात्र जराही कमी व्हायचं नाही. एकच रिसेप्टर असता तर असं होण्याचं कारण नव्हतं. जेम्स ब्लॅक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७२ मध्ये आम्ल रोखणारं ब्युरिमामाइड शोधून एच-२ सिद्ध केला. १९७६ मध्ये ब्रिटनमध्ये सिमेटिडिन वापरात आलं आणि अल्सरच्या कितीतरी रुग्णांची शस्त्रक्रिया टळू लागली. बोव्हेंना १९५७ मध्ये आणि ब्लॅक यांना १९८८ मध्ये नोबेल मिळालं. तेव्हा सिटिरिझिनने अॅसिडिटी का जात नाही या प्रश्नाचं उत्तर पाठ करायचं नसतं. त्या प्रश्नातूनच औषधांचा एक अख्खा गट जन्माला आला आहे.

आता एच-१ वाली औषधं. इथे जास्त थांबावं लागतं, कारण या गटाच्या आतच दोन पिढ्या आहेत आणि नर्सच्या दृष्टीने धोका बहुतेक पहिल्या पिढीत आहे. क्लोरफेनिरामिन, डायफेनहायड्रामिन, प्रोमेथाझिन, हायड्रॉक्झिझिन ही पहिली पिढी. ही औषधं मेंदूत सहज शिरतात आणि तिथल्या एच-१ वर बसून माणसाला गुंगी आणतात. पण तोंडाची कोरड, बद्धकोष्ठता, धूसर दिसणं, लघवी तुंबणं, नाडी वाढणं यांचा हिस्टामिनशी संबंधच नाही. ही औषधं अॅसिटिलकोलीन या दुसऱ्याच संदेशवाहक रसायनाचे मस्करिनिक रिसेप्टरही अडवतात, त्याचा हा परिणाम. गुंगी एका कारणाने आणि कोरड दुसऱ्याच कारणाने, हे वेगळं करून समजलं की फॅमोटिडिनने लघवी का तुंबत नाही ते वेगळं शिकावं लागत नाही: ते मस्करिनिक रिसेप्टरला हातच लावत नाही.

याच दुहेरी स्वभावामुळे पहिल्या पिढीचे काही उपयोगही आहेत. प्रवासात मळमळ थांबते ती यांनीच, दुसऱ्या पिढीच्या गोळीने नाही. सर्दीत वाहणारं नाक थोडं सुकतं तेही मुख्यतः कोरड आणणाऱ्या परिणामामुळे.

पण पेशंटचं वय पासष्ट किंवा त्याहून जास्त असेल तर मात्र सावध व्हा. वृद्धांसाठीच्या अयोग्य औषधांच्या बीअर्स यादीत पहिल्या पिढीची अँटिहिस्टामिन टाळावीत असं स्पष्ट आहे. काल नीट बोलणारे आजोबा आज रात्री सलाइन ओढून काढतायत, बरळतायत, तर संसर्ग, साखर, ऑक्सिजन हे पाहतानाच औषधांचा चार्टही उघडा; झोपेसाठी किंवा खाजेसाठी दिलेला एखादा डोस तिथे सापडू शकतो. प्रोस्टेट वाढलेली आहे का, अँगल-क्लोजर काचबिंदू आहे का, हे डोस देण्याआधी विचारायचं. लहान मुलांत उलटंही घडतं: गुंगीऐवजी मूल चिडचिडं, अस्वस्थ होतं. आणि दोन वर्षांखालच्या बाळाला प्रोमेथाझिन द्यायचंच नाही, श्वास मंदावून जीवावर बेतू शकतं.

प्रोमेथाझिनच्या इंजेक्शनबद्दल प्रत्येक विद्यार्थ्याने जास्तीचं वाचावं असं मला मनापासून वाटतं. हे औषध ऊतींना जाळतं. शिरेबाहेर झिरपलं किंवा चुकून धमनीत गेलं तर गँगरीन होऊन बोटं किंवा हात कापावा लागल्याच्या घटना घडल्या, आणि २००९ मध्ये अमेरिकेच्या औषध नियामकाने त्यावर सर्वांत कडक इशारा छापायला लावला. स्नायूत खोलवर देणं हा पसंतीचा मार्ग. त्वचेखाली कधीही नाही. शिरेतून देताना पेशंट ‘आग होतेय’ म्हणाला, तर ‘होतं थोडं’ असं म्हणून पुढे न ढकलता तत्क्षणी थांबवायचं.

दुसऱ्या पिढीत सिटिरिझिन, लेव्होसिटिरिझिन, लोराटाडिन, फेक्सोफेनाडिन, बिलास्टिन येतात. मेंदूच्या वेशीवरचं पी-ग्लायकोप्रोटीन हे प्रथिन यांतल्या बहुतेकांना परत बाहेर लोटतं, म्हणून गुंगी कमी. कमी म्हणजे शून्य नव्हे: सिटिरिझिनने काहींना चांगलीच झोप येते, फेक्सोफेनाडिनने सहसा येत नाही. फेक्सोफेनाडिन पाण्याबरोबरच घ्यायला सांगा. फळांच्या रसाने त्याचं शोषण घटतं, अॅल्युमिनियम-मॅग्नेशियमच्या अँटासिडनेही घटतं. सिटिरिझिन आणि लेव्होसिटिरिझिन मूत्रपिंडातून जातात, तेव्हा क्रिएटिनिन (मूत्रपिंडाचं काम दाखवणारी रक्ततपासणी) वाढलेला असेल तर डोस कमी लागतो. अॅलर्जीची स्किन टेस्ट ठरली असेल तर एच-१ औषधं काही दिवस आधी, साधारण आठवडाभर, बंद ठेवावी लागतात, नाहीतर टेस्ट खोटी निगेटिव्ह येते.

एच-२ गट त्या मानाने शांत आहे. सिमेटिडिन, रॅनिटिडिन, फॅमोटिडिन, निझाटिडिन. रात्री रिकाम्या पोटी पाझरणारं आम्ल बऱ्याच अंशी हिस्टामिनवर चालतं, त्यामुळे झोपताना दिलेला डोस चांगला लागू पडतो. पण रोज घेत राहिलं तर आठवड्या-दोन आठवड्यांत असर ओसरू लागतो. ओमेप्राझोल, पँटोप्राझोल यांच्याशी हा गट सर्रास मिसळला जातो. ती औषधं रिसेप्टर सोडून थेट प्रोटॉन पंपच बंद करतात, जेवणाआधी अर्धा ते एक तास द्यावी लागतात आणि पूर्ण परिणामाला काही दिवस घेतात. एच-२ गोळी तासाभरात काम सुरू करते.

फॅमोटिडिनचा डोस मूत्रपिंड बिघडलेलं असेल तर कमी करावा लागतो. नाही केला तर तेच फॅमोटिडिन, विशेषतः वृद्धांत, भ्रम निर्माण करू शकतं. म्हणजे पहिल्या पिढीसारखं दृश्य, कारण मात्र शरीरात साठलेलं औषध. शिरेतून देताना पातळ करून, किमान दोन मिनिटं घेऊन सावकाश. सिमेटिडिन यकृतातली औषधं मोडणारी एन्झाइम्स अडवतं, त्यामुळे वॉर्फरिन (रक्त पातळ ठेवणारं), फेनिटॉइन (फिट्सवरचं), थिओफिलिन (दम्याचं) यांची पातळी वाढते. पुरुषांत स्तन वाढणं हाही त्याचाच दुष्परिणाम, बाकीच्यांवर सरसकट लादू नका. रॅनिटिडिनमध्ये एनडीएमए ही कर्करोगाचा संभव असलेली अशुद्धी आढळल्यावर एप्रिल २०२० मध्ये अमेरिकेत ते बाजारातून काढून घ्यायला सांगण्यात आलं. जुन्या नोट्समधून अभ्यास करताना हे ध्यानात असू द्या.

नावांकडे बघून गट ओळखता येतो, पण शेवट अख्खा वाचला तरच. ‘-टिडिन’ असेल तर एच-२. लोराटाडिन, सायप्रोहेप्टाडिन यांत ‘-टाडिन’ आहे, ती एच-१ ची औषधं. एका मात्रेवरून पोटाचं औषध अॅलर्जीचं होतं. त्याहून घातक जोडी हायड्रॉक्झिझिन आणि हायड्रालाझिन: पहिलं खाजेचं, दुसरं रक्तदाब उतरवणारं. घाईच्या हस्ताक्षरात आणि फोनवरच्या ऑर्डरमध्ये ही दोन नावं हमखास एकमेकांच्या जागी बसतात, म्हणून औषध कशासाठी आहे ते विचारून घ्यायचं आणि ऐकलेलं नाव सांगणाऱ्याला परत वाचून दाखवायचं.

पेशंटशी बोलतानाही हाच धोका आहे. ‘पित्ताची गोळी घेतो’ असं कुणी सांगितलं की लगेच फॅमोटिडिन लिहू नका. अंगावर पित्त उठतं म्हणून तो रोज सिटिरिझिन घेत असेल, किंवा छातीत जळजळतं म्हणून पँटोप्राझोल. ‘अंगाला खाज सुटते की घशाशी आंबट येतं?’ एवढं विचारलं की उलगडा होतो. शक्य असेल तर पाकीट मागून पाहा. सर्दीच्या आणि झोपेच्या तयार गोळ्यांबद्दलही वेगळं विचारा, त्यांत क्लोरफेनिरामिन किंवा डायफेनहायड्रामिन दडलेलं असतं आणि वॉर्डात दिलेल्या डोसवर त्याची भर पडते. दारूबरोबर ही गुंगी आणखी वाढते.

कधीकधी मात्र एकाच पेशंटच्या चार्टवर दोन्ही गट शेजारी शेजारी लिहिलेले दिसतात, आणि नवखी नर्स ‘दोन अँटिहिस्टामिन कशी?’ म्हणून थबकते. थबकणं योग्यच आहे, पण ही डबल ऑर्डर नाही. पॅक्लिटॅक्सेल ही केमोथेरपी सुरू करण्याआधी अर्धा ते एक तास डायफेनहायड्रामिनसोबत एक एच-२ औषधही देण्याची पद्धत आहे, स्टिरॉइड त्याच्याही आधीपासून. कारण मघाशी बाजूला ठेवलेली गोष्ट: रक्तवाहिन्यांवर दोन्ही रिसेप्टर असतात. हिस्टामिनमुळे वाहिन्या फुलतात, चेहरा लाल होतो, रक्तदाब घसरतो त्यात एच-१ आणि एच-२ दोघांचा वाटा असतो, तेव्हा एकालाच अडवलं तर काम अर्धवट राहतं.

अॅनाफिलॅक्सिसच्या, म्हणजे अंगभर उसळणाऱ्या जीवघेण्या अॅलर्जीच्या, वेळीही हीच जोडी दिली जाते, आणि इथे क्रम चुकणं म्हणजे जीव जाणं. आधी अॅड्रिनॅलिन, मांडीच्या बाहेरच्या बाजूला, स्नायूत: एक मिलिलिटरमध्ये एक मिलिग्रॅम असलेल्या द्रावणातून दर किलोला ०.०१ मिलिग्रॅम, प्रौढांत जास्तीत जास्त ०.५ मिलिग्रॅम, गरज पडल्यास ५ ते १५ मिनिटांनी पुन्हा. दोन्ही प्रकारची अँटिहिस्टामिन त्यानंतर. ती खाज आणि गांधी कमी करतात. घशाची सूज, आवळलेली श्वासनलिका, कोसळलेला रक्तदाब यांवर त्यांचा भरवसा धरता येत नाही, कारण त्या घडीला मास्ट पेशींतून हिस्टामिनखेरीज ल्युकोट्राइन, प्रोस्टाग्लँडिन अशी इतर रसायनंही बाहेर पडलेली असतात. उलट एक फसगत होऊ शकते: अंगावरचे चट्टे उतरतात, खाज थांबते, पेशंट बरा वाटू लागतो, आणि रक्तदाब मात्र खाली जात असतो. म्हणून त्वचा स्वच्छ दिसली तरी नाडी, रक्तदाब, श्वासाचा आवाज आणि ऑक्सिजन ठरलेल्या वेळी पाहत राहायचं. काही रुग्णांत पहिली लाट ओसरल्यावर काही तासांनी दुसरी येते, तीही अॅलर्जीच्या घटकाशी पुन्हा संपर्क न होता. हँडओव्हर देताना अॅड्रिनॅलिनची वेळ, डोस आणि जागा आधी सांगा, अँटिहिस्टामिनची नावं त्यानंतर.